आबांचं कोरिया-इस्रायल

बशी पुढे करायची, जीभ बाहेर काढून तिच्यावर बोट टेकवायचं आणि म्हणायचं, “जीभले इचारा, माले नही.” यात काय घातलंय असं विचारलं की आबांचं एवढंच उत्तर. जीभ बाहेर ठेवून बोलता येत नाही, म्हणून ती आधी आत घ्यावी लागे. तोवर तुमचा पहिला घास गेलेला असे आणि ठसका लागलेला असे.

धुळ्यात देवपूरला आमच्या गच्चीला लागूनच त्यांची गच्ची. चोपड्याकडची केळीची शेती धाकट्या भावावर सोपवून ते मुलाकडे राहायला आले होते. शेती करत असताना एकदा ठिबक बघायला इतर शेतकऱ्यांबरोबर इस्रायलला जाऊन आले. बाकीच्यांनी वहीत नळ्यांची माहिती उतरवून आणली, आबांच्या वहीत न्याहारी होती. ताहिनी नावाचा लगदा त्यांनी पोळीसारख्या कशाला तरी लावून चाखला आणि भर हॉटेलात ओरडले म्हणे, “आरे, हाई ते आपली तीळनी चटनी शे!”

हे ज्ञान पुष्कळ वर्षं नुसतं पडून होतं. त्याला कामाला लावलं नातीनं. पोरगी अकरावीत, कोरियन मालिकांचं वेड, आणि जेवण म्हणजे पाकिटातल्या नूडल्स. भाकरी दिसली की तिचं पोट दुखे. एक दिवस कॉलेजात चक्कर येऊन पडली. अंगात रक्त कमी आहे, डॉक्टर म्हणाले. सून रडली, मुलगा ओरडला, आणि आबांनी माळ्यावरून सोऱ्या काढला.

“हिले नूडल पाहिजे ना? मी करसू.”

ज्वारी आणि उडीद एकत्र दळलेलं कळण्याचं पीठ आमच्याकडे घरोघरी असतं, त्याची भाकरी होते. आबांनी सोऱ्यातून त्याच्या शेवया पाडून वाफवल्या. उचलायला गेले तर नुसता भुगा. दुसऱ्या दिवशी त्यात गव्हाचं पीठ मिसळलं, तेव्हा कुठे तार धरली. त्यात कोबी, गाजर, पालक घातला. वर लिंबू पिळून पातळ केलेली तिळाची चटणी, म्हणजे इस्रायल. राहिला कोरिया.

तिकडची लाल तिखट पेस्ट नातीनं मोबाइलवर दाखवली होती. आबांनी आपल्या हिशेबानं मिरची, गूळ आणि उडदाची डाळ वाटून बरणीत भरली, झाकण दोरीनं करकचून बांधलं आणि बरणी गच्चीत उन्हात ठेवली. “तठे महिना लागस, आठे तीन दिनमा हुई जाई!” दिवस एप्रिलचे. तिसऱ्या दिवशी दुपारी धाडकन आवाज झाला. मी धावत वर गेले. माझ्या गच्चीत वाळत घातलेल्या पांढऱ्याशुभ्र कुरडयांवर सगळा कोरिया सांडला होता.

“आबा! दोन पायल्या गव्हाच्या कुरडया आहेत या!”

आबांनी शांतपणे एक कुरडई उचलली, चाटली. “ताई, तळीसन देखा.”

मी आठ दिवस त्यांच्याशी बोलले नाही. कुरडया मात्र तळून पाहिल्या. सगळ्यात आधी त्याच संपल्या, पण हे मी आबांना कधी सांगितलं नाही.

झाकण सैल ठेवून केलेली दुसरी बरणी साधली. नातीनं अख्खी बशी संपवली. आबा समोर उकिडवे बसलेले, डोळे तिच्या तोंडाकडे.

“कशी शे?”

“ठीक.”

“ठीक? तू मस्त म्हनशी, तवय थांबसू.”

तेव्हापासून रोज संध्याकाळी त्यांच्या स्वयंपाकघरात हा खेळ सुरू झाला. कधी मेथी, कधी शेंगदाण्याचा कूट, कधी भाजलेलं वांगं. पोरगी ओट्यापाशी स्टूल घेऊन बसे, मालिकेतल्या भानगडी आबांना सांगे, बशी चाटूनपुसून साफ करे आणि म्हणे, “ठीक.” तिचं रक्त वाढलं, गाल भरले. तरी शब्द काही निघेना. मला तिचा राग येई. एकदा म्हटलं, “अगं, म्हातारा आशेनं बघत असतो, एकदा मस्त म्हणायला तुझं काय जातं?” ती नुसती हसली.

बारावीनंतर ती पुण्याला शिकायला गेली. त्याच हिवाळ्यात आबा गेले. दुपारी झोपले ते उठलेच नाहीत. मला फार लागलं ते. भांडायलासुद्धा माणूस चांगलं असावं लागतं.

उन्हाळ्यात पोरगी घरी आली आणि एका संध्याकाळी बशी घेऊन माझ्या दारात उभी राहिली. कळण्याच्या शेवया, वर तीळ, लाल पेस्ट. मी खाल्लं. चांगलं झालं होतं.

“आबांचं जास्त चांगलं व्हायचं,” ती म्हणाली.

माझा राग वर आला. “मग त्यांना का नाही सांगितलंस कधी?”

तिनं माझ्या हातातली रिकामी बशी घेतली.

“मस्त म्हटलं असतं तर थांबले असते ना, काकू.”