हळदीचा धवला

बदलापूर गावात हळद लागायची ती कौसाबाईने धवला धरल्यावरच. तिने त्या लग्नगीताची ओळ म्हणायची आणि जमलेल्या बायकांनी ती झेलायची, ही रीत.

सदूच्या पोरीने पसंत केलेला मुलगा गावकीला चालेना. तरी सदूने लग्न ठरवलं, म्हणून गावाने त्याला वाळीत टाकलं. सदू पोलिसांत गेला. वाळीत टाकणं गुन्हा आहे, असा दम साहेब येऊन देऊन गेले. त्यामुळे आज हळदीला अख्खा गाव हजर! मेले कसे शहाण्यासारखे बसले होते.

कौसाबाईने पहिली ओळ म्हटली. एकीनेही ती झेलली नाही. तिने सुनेकडे पाहिलं, तर कीर्तीने मान खाली घातली. पुढच्या महिन्यात कौसाबाईच्याच नातीची हळद होती; तिथेही ओळ झेलायला कोणी नसलं तर? मांडवाच्या दाराशी शिपाई उभा होता, पण नुसतं गप्प बसणाऱ्याला तो कसा पकडणार?

गळा बसलाय असं सांगून उठावं, असं तिच्या मनात आलं. तेवढ्यात पाटावरून कापरा आवाज आला. हळद माखलेली नवरी स्वतःच ती ओळ म्हणत होती.

ओळ संपली, आणि सगळा मांडव कौसाबाईच्या तोंडाकडे बघू लागला.