अर्धी दाढी

आमच्या गावातल्या फिल्म सोसायटीत काल एका नामवंत दिग्दर्शकाचा जुना युद्धपट पाहिला. एकेका दृश्यासाठी दिवसभर उन्हाची वाट बघणारा हा माणूस, लढाई लागल्यावर खांद्यावर कॅमेरा घेऊन आघाडीवर गेला होता.

पडद्यावर एक जवान ट्रकच्या आरशात बघून दाढी करत होता. एक गाल झाला आणि त्याला कॅमेरा दिसला. तो लाजला, फेसाळ तोंडानं हसला आणि सरळ आमच्याकडे बघत राहिला. कुठंतरी तोफ उडाली. चित्र हललं. तो बघतच होता.

मला त्या दिग्दर्शकाचा मत्सर वाटला. त्याच्या बक्षिसांचा कधी वाटला नव्हता. बक्षिसं काय, कुणालाही मिळतात. मीही सिनेमे केले. सेटवर जन्मभर ओरडत आलो, "कॅमेऱ्यात बघू नका." कुणी बघितलंच, तर तेवढा तुकडा कापून टाकला. यानं नेमका तोच ठेवला होता. माणूस आपल्याकडे बघतो तेव्हाच तो आपला कुणीतरी होतो, हे याला तोफांच्या आवाजात कळलं आणि मला शांत स्टुडिओत कळू नये.

"कॅमेरा फार हललाय," मी बायकोला म्हणालो, काहीतरी उणं काढायचं म्हणून. "मी असतो तर शॉट पुन्हा घेतला असता."

ती जिना उतरताना म्हणाली, "त्याची राहिलेली दाढी झाली असेल का हो?"

माझ्या सिनेमानंतर ती विचारते, जेवायला कुठं जायचं.