मेव्हिसबाईंच्या बरणीचं झाकण

इंग्लंडच्या श्रॉपशर परगण्यातल्या आमच्या गावात माणूस चर्चला गेला नाही तरी चालतं, शेजाऱ्याशी वीस वर्षं बोलला नाही तरी चालतं; पण सप्टेंबरच्या प्रदर्शनात चटणीची बरणी मांडताना चुकला, तर त्याच्या नातवंडांनाही त्याच चुकीवरून ओळखतात.

चटणी म्हणजे आपली नव्हे. प्लम, सफरचंद, कांदा, साखर आणि व्हिनेगर दोन-तीन तास रटरटवायचं, बरणीत भरायचं आणि निदान तीन महिने अंधारात कोंडून ठेवायचं. मुरली की ती सौम्य होते म्हणतात. माझ्या शेजारीणबाई मेव्हिस ट्रँटर मात्र बहात्तर वर्षं मुरूनही झाल्या नव्हत्या.

अकरा वर्षं पहिल्या नंबरचं लाल कार्ड त्यांच्याच बरणीपुढे. सासूने नव्या सुनेच्या पोळ्या तपासाव्यात तशा त्या इतरांच्या बरण्या तपासत. मी पहिल्यांदा बरणी मांडली त्या वर्षी मला म्हणाल्या, "झाकणावर कंपनीचं नाव आहे गं. बाद होशील." म्हणाल्या तेही असं, की प्रदर्शनाच्या तंबूच्या पार दुसऱ्या टोकाला माझं अज्ञान पोचावं. नियमच तसा. झाकण कोरं हवं, नाहीतर परीक्षक बरणी उघडतसुद्धा नाहीत.

बाई स्वतः मात्र चव घेत नसत, व्हिनेगरने त्यांचं पोट बिघडे. ते काम नवऱ्याचं. पातेल्याशी सिरिल उभे राहत, लाकडी चमचा चाटत आणि "अजून थोडं मीठ" किंवा "झालं" एवढंच म्हणत. बेचाळीस वर्षांच्या संसारात त्यांना बोलायला मिळालं ते बहुधा एवढंच.

फेब्रुवारीत सिरिल गेले. आठवडाभर लोकांनी बाईंच्या दारात खिमा-बटाट्याची भांडी आणून ठेवली. बाईंनी भांडी घासून परत केली आणि कुणाचा बटाटा कच्चा होता, तेही जाताजाता सांगितलं.

ऑगस्ट संपत आला तशी गावाला काळजी लागली, की यंदा बाईंचं कसं होणार. प्रदर्शनाचे चिटणीस नॉर्मन पिचर आवाजात मध घालून म्हणाले, यंदा नाही जमलं तरी आम्ही समजून घेऊ. बाईंनी त्याच क्षणी नाव नोंदवलं.

प्रदर्शनाच्या दुपारी तंबू उघडला. बाईंच्या बरणीपुढे कार्ड होतं, 'नियमाबाहेर'. झाकणावर लोणच्याच्या एका कंपनीचं नाव, चांगलं ठळक. बरणी उघडलेलीच नव्हती. गाव आळीपाळीने चेहरे पाडून बघून आलं आणि बाहेर चहाच्या टेबलाशी पोटभर हसलं. मीही हसले, खोटं कशाला सांगू. जुनं उट्टं निघालं होतं.

संध्याकाळी तीच बरणी पोचवायला मी मुद्दाम गेले. कोरी झाकणं संपली होती का, असं अगदी गोड आवाजात विचारलं. बाईंनी खण ओढला. आत नवी कोरी झाकणं, काठोकाठ.

"मग बदललं का नाहीत?"

"उघडावी लागली असती."

"मग मांडलीत तरी कशाला?"

"नसती मांडली, तर पुन्हा दारात बटाटे आले असते. बिचारी म्हणून घेण्यापेक्षा मूर्ख म्हटलेलं परवडलं."

मग त्यांनी बरणी माझ्या हातातून घेतली. बरणीवर चिकटवलेल्या चिठ्ठीवर गेल्या ऑक्टोबरची तारीख होती.

"यानंतर मी चटणी केलेलीच नाही. ही शेवटची उरली. तेव्हा कोरी झाकणं कमी पडली, तर सिरिलने हे लावलं. म्हणाला, ही आपली घरात ठेवू." बाईंनी झाकणावरून अंगठा फिरवला. "असलं झाकण माझ्या बरणीला लावलं म्हणून दिवसभर बोलले गं मी त्याला."

मला हसल्याची लाज वाटत होती. बाईंनी बरणी कपाटात अगदी मागे सारली, मग पुन्हा बाहेर काढली आणि ते झाकण आणखी घट्ट पिळलं.