चौकीत बोललेलं एक वाक्य

माझ्या नवऱ्याला वाटतं, माझं सगळं त्याला ठाऊक आहे. हे एक सोडून—हे मी आईलाही सांगितलेलं नाही.

कॉलेजात असताना माझा मित्र रोहन आणि मी प्रँक व्हिडिओ करायचो. तो माणसांना गंडवायचा, मी लपून शूट करायचे. वॉचमन, वेटर, दुकानातल्या बायका. तेच का? कामावर असलेलं माणूस उलटून बोलत नाही—हे मला तेव्हाही कळत होतं.

शनिवार पेठेत एका साड्यांच्या दुकानात शालिनीताई कामाला होत्या. रोहन भर गिऱ्हाइकांत ओरडला, "या बाईंनी माझं पाकीट घेतलं!" ताईंनी आपली पर्स काउंटरवर उपडी केली. कंगवा, गोळ्यांची पट्टी, रुमाल. मग आम्ही "प्रँक! प्रँक!" केलं. सगळे हसले. त्या नाही.

"कुठे टाकू नकोस गं हे," त्या मला म्हणाल्या. "लेकीच्या सासरचे बघतील."

मी हो म्हटलं. संध्याकाळी व्हिडिओ टाकला.

पण मला सांगायचंय ते हे नाही.

त्यांनी तक्रार केली. आम्हाला पोलीस चौकीत बोलावलं. रोहन पांढराफटक पडला. मी वकिलीचं शिकत होते—बदनामीचा गुन्हा लागू शकतो, हे मला माहीत होतं. आणि सुटायचं कसं, तेही. मी अगदी शांतपणे म्हणाले, "साहेब, त्यांना आधी कल्पना दिली होती. त्या अभिनय करत होत्या."

"मी? अगं, मी कशाला…" ताई म्हणाल्या. साहेबांनी समजावलं ते त्यांनाच. आम्ही व्हिडिओ काढून टाकला, तक्रार मिटली. दुकानात तमाशे नकोत म्हणून मालकांनी ताईंना कामावरून काढलं. मला कळलं होतं. मी गेले का मालकांकडे? नाही.

आता मी वकिली करते. मागच्या वर्षी मंडईत एका बाईनं मला थांबवलं. शालिनीताईंची मुलगी.

"तुम्हीच ना त्या? आईनं ओळखलं तुम्हाला. सासरचे अजून म्हणतात, चौकीत ठरलंच ना, तुझ्या आईनं व्हिडिओसाठी नाटक केलं. आई म्हणते, तिला काहीच माहीत नव्हतं. खरं काय ते तुम्ही तरी सांगा."

भाजीच्या गाळ्यापाशी शालिनीताई उभ्या होत्या. आमच्याकडेच बघत.

"आठवत नाही हो," मी म्हटलं, आणि चालू लागले.