अर्धं पोस्टकार्ड

बहात्तर सालच्या दिवाळीनंतरची एक सकाळ. तिसगावात आमच्या दाराशी पोस्टमन नामदेवमामा आले आणि उंबऱ्याबाहेरच थांबले. एरवी हे गृहस्थ पत्र द्यायच्या आधी ओट्यावर बसकण मारून पाणी मागायचे. त्या दिवशी नुसतं कार्ड पुढं केलं आणि मान फिरवली...

मी तेव्हा प्राथमिक शाळेत मास्तर होतो आणि चोरून गोष्टी लिहायचो. चोरून अशासाठी की, मास्तर गोष्टी लिहितो म्हणजे त्याला काम कमी आहे, असं गावाचं पक्कं मत. माझं हे वेड समजून घेणारा एकच माणूस होता... एकनाथ. देवळाली प्रवऱ्याचा, साखर कारखान्यात वजनकाट्यावर कारकून. तो कविता करायचा.

एका छोट्याशा मासिकात आम्हा दोघांचं एकाच अंकात छापून आलं होतं, खाली पत्ते होते. त्यानं पहिलं कार्ड टाकलं ते माझ्या गोष्टीतल्या चुका काढायला! मी भडकलो, तितकंच खरमरीत उत्तर धाडलं... आणि मग चार वर्षं आमची पत्रं काही थांबली नाहीत.

त्याची एक खोड होती. कोऱ्या कार्डावर आधी माझा पत्ता लिहायचा आणि मग ते खिशात घेऊन हिंडायचा. उसाच्या दोन गाड्यांच्या मधे जेवढी सवड मिळेल तेवढ्यात दोन ओळी... एकेक कार्ड आठ-आठ दिवस चालायचं. कोपरा न् कोपरा भरल्याशिवाय ते पेटीत पडत नसे.

आईला वाचता येत नव्हतं. पण त्याचं बारीक, मुंग्यांसारखं अक्षर ती लांबून ओळखायची. "काय म्हनतो तुजा एकनाथ?" असं विचारायची आणि मी वाचून दाखवेपर्यंत चुलीपासून हलायची नाही.

भेटलो मात्र कधीच नाही. एकाच जिल्ह्यात राहून! आज जाऊ, उद्या जाऊ करता करता दुष्काळ पडला आणि सुट्ट्यांमधेही मला खडी फोडायच्या कामावर हजेरी घ्यायला लावलं. मग पत्रातूनच ठरलं... पाऊस पडला की भेटायचं.

त्या खडीच्या कामावरच्या एका म्हातारीवर मी गोष्ट लिहिली. एकनाथला पाठवली आणि कळवलं, तू बरी म्हणालास तरच छापायला देईन, नाहीतर आपलं लिहिणं बंद. थट्टा नव्हती ती, मी खरंच ठरवलं होतं. तीन आठवडे उत्तर नाही... मी रोज नामदेवमामांच्या वाटेकडे डोळे लावून बसलेलो.

आमच्याकडे कुणी गेल्याचं पत्र आलं तर ते घरात नेत नाहीत. बाहेरच वाचायचं आणि तिथंच फाडून टाकायचं. तसल्या पत्राच्या माथ्यावर 'श्री' नसतो, त्यावरूनच ओळखू येतं. या कार्डावर 'श्री' होता, खाली मुंग्यांचं अक्षर होतं. मी हसतच वाचायला लागलो...

"गोष्ट वाचली. लेका, म्हातारी जिवंत उभी केलीस. तिचा हातोडा मला इथं काट्यावर ऐकू येतोय. मी जळतो तुझ्यावर. शेवट मात्र"

एवढंच. पुढं अक्षर बदललं होतं... मोठं, वाकडंतिकडं. "गुरुजींस नमस्कार. एकनाथ सोमवारी काविळीने वारला. हे कार्ड त्याच्या खिशात होते. तुमचा पत्ता लिहिलेला होता म्हणून यावरच कळवतो. त्याचा भाऊ."

मी पुन्हा वरपासून वाचलं. मग पुन्हा एकदा. मला वाटत होतं, तो कुठंतरी मधे जिवंत आहे आणि मी भरभर वाचतोय म्हणून सापडत नाही.

आई बाहेर आली. माझ्या तोंडाकडे बघूनच तिला काय ते समजलं. कोण, ते सांगितल्यावर ती उंबऱ्यावर खालीच बसली. तिथूनच म्हणाली, "फाड ते. घरात आनू नगं."

मी शाळेत विज्ञान शिकवणारा माणूस... पण हात आपोआप कार्डाच्या दोन्ही कडांना गेले. मधोमध उभं फाडणार, तेवढ्यात आईनं उठून माझं मनगट धरलं. कार्डावर बोट ठेवलं.

"हे मुंग्यावानी हाय, ते त्याचंच ना?"

मी मान हलवली.

"मग खालचं फाड. वरचं त्यानं जित्तेपनी लिवलंय... ते कशापायी फाडायचं?"

मी नखानं घडी घातली आणि तेवढंच आडवं फाडलं. खालचा तुकडा नामदेवमामांनी माझ्या हातातून घेतला आणि त्यांनीच त्याचे बारीक बारीक कपटे केले. इतका वेळ ते तिथंच उभे होते.

"शेवट मात्र"... काय? गोष्टीच्या शेवटी मी म्हातारीचा परागंदा झालेला मुलगा घरी परत आणला होता. ते एकनाथला खटकलं होतं, की तेवढंच फार आवडलं होतं? आज पन्नास वर्षं झाली, मला माहीत नाही. मी शेवट बदलला. मुलगा काही परत आला नाही. गोष्ट छापून आली, लोकांनी बरी म्हटली... अंक ज्याला पाठवायचा त्याचा पत्ता तोंडपाठ होता, पण अंक घरातच राहिला.

पुढच्या वर्षी पाऊस चांगला झाला. मी देवळालीला गेलो नाही.

ते अर्धं कार्ड अजून माझ्याकडे आहे. पुढच्या बाजूला त्याच्या चार ओळी आणि मागं माझं नाव... गावाचं नाव खालच्या तुकड्याबरोबर गेलं. एक अक्षर न वाचता येणाऱ्या बाईनं माझ्या मित्राचं शेवटचं पत्र वाचवलं. आईला तसं बोलून दाखवायची आमच्याकडे रीत नव्हती, आणि आता तीही नाही. म्हणून इथं लिहून ठेवतोय... आई, तू होतीस म्हणून एवढं तरी उरलं गं.