चिखलातलं तिसरं माणूस

आधी देव्हाऱ्यातला पासपोर्ट दिसेनासा झाला आणि मग पोरगी. हा क्रम माझ्या पक्का लक्षात आहे, कारण पासपोर्टसाठी मी आधी नवऱ्यावरच डाफरले होते. महत्त्वाचा कागद देवापुढे ठेवायचा ही माझी माहेरची सवय. लेकीचं पुण्याचं तिकीट आणि पासपोर्ट आठवडाभर गणपतीसमोर पडून होते. तिकीट जागेवर होतं, पासपोर्ट नव्हता. तिला विचारावं म्हणून हाक मारली, तर तिचे रबरी बूटही दारात नव्हते.

२००४ सालचा मे संपत आला होता. अलास्कात, कुस्कोक्विम नदी समुद्राला मिळते त्याच्या थोडं अलीकडे, तिथले मूळ रहिवासी असलेल्या युपिक लोकांच्या एका गावात आम्ही राहायचो. आधीच्या बेलव्ह्यू शहरातली नवऱ्याची नोकरी गेली आणि मला इथल्या शाळेत गणित शिकवायची नोकरी मिळाली, म्हणून आलो. लेक सात वर्षांची. शाळेत पहिली काही वर्षं युपिक भाषेतूनच शिकवायचे, कारण तिथल्या म्हाताऱ्या माणसांना एकच घोर होता, पोरं इंग्रजी बोलतात आणि आपली भाषा चालली. मला त्यांचं मोठं कौतुक वाटायचं. माझ्याच घरात मराठी आटायला लागली तेव्हा ते कौतुक कुठल्या कुठे पळालं.

तिकडची माणसं ‘हो’ म्हणत नाहीत, भुवया उचलतात. ‘नाही’ म्हणायचं असेल तर नाक मुरडतात. आमच्या बाईसाहेबांनी हे असं उचललं होतं की विचारू नका. पुण्याहून सासूबाई फोनवर विचारायच्या, जेवलीस का गं? ही रिसीव्हर कानाला लावून भुवया उचलायची. तिकडे शुकशुकाट. सासूबाईंनी एकदा मला सरळच विचारलं, पोरगी मुकी झाली का? मला ते फार लागलं. जूनमध्ये तिला पुण्यात आजीकडे ठेवायचं, तिथल्या शाळेत घालायचं, हे मी ठरवलं. नवऱ्याने मान डोलावली. लेकीला कुणीच विचारलं नाही.

नदीचा बर्फ नुकताच फुटला होता. मोटारीएवढे तुकडे अजून वाहत होते, आणि समुद्र जवळ असल्यामुळे नदीलाही भरती यायची. त्या दुपारी भरती चढत होती.  नवरा विमानाच्या धावपट्टीकडे पळाला, घरोघरी एकमेकांशी बोलायचे रेडिओ होते त्यांवर कुणीतरी बातमी दिली, आणि मी थेट काठावर गेले. तिथे शेजारच्या आजी सुरीने मासे साफ करत होत्या आणि त्यांची नात, म्हणजे माझ्या लेकीची जिवाभावाची मैत्रीण, त्यांच्या पायाशी बसली होती. एकटी. ह्या दोघी कधी एकेकट्या दिसायच्याच नाहीत.

मी तिचे खांदे धरले. कुठे गेली? कधी गेली? पाण्याकडे गेली का? ती खाली मान घालून बसली, तोंडातून ब्र काढेना. माझा आवाज चढत गेला. खरं सांगते, तिला एक ठेवून द्यावीशी वाटली. आजींनी माशाने माखलेला हात माझ्या मनगटावर ठेवला. मोडक्या इंग्रजीत त्यांनी समजावलं, कुणीतरी हिच्याकडून वचन घेतलंय, सांगायचं नाही म्हणून. ही सांगणार नाही. पण गोष्ट सांगू शकते. मग त्यांनी लोणी लावायची एक बोथट सुरी नातीच्या हातात दिली.

हा खेळ मी रोज बघत होते. तिकडच्या मुली चिखलावर सुरीने चित्रं काढत गोष्ट सांगतात, एक चित्र झालं की ते पुसायचं आणि त्याच जागी पुढचं काढायचं. पूर्वी बाप हस्तिदंताची सुरी कोरून द्यायचे, आता घरातली कुठलीही चालते. बहुतेक गोष्टी आजीच्या आणि तिचं न ऐकणाऱ्या नातीच्या. त्यासाठी आधी चिखलावर थुंकून तो गुळगुळीत करायचा. माझी लेक हे करायला लागली तेव्हा मी घर डोक्यावर घेतलं होतं. शी! थुंकी ती, उष्टं ते.

पोरीने थुंकून चिखल सपाट केला. पाणी तिच्यापासून चार हातांवर होतं. सावकाश, अगदी सावकाश, तिने एक चौकोन काढला. दार, चूल, झोपायच्या जागा. मी आजींकडे बघून म्हटलं, इतका वेळ नाहीये हो. आजी म्हणाल्या, मध्ये बोललं की गोष्ट पुन्हा पहिल्यापासून. मी ओठ दाताखाली दाबून बसले. मग तिने चौकोनाच्या एका कोपऱ्यात छोटं फळकुट काढलं आणि त्यावर ठिपके दिले. अख्ख्या गावात असं फळकुट एकाच घरात होतं. तो आमचा देव्हारा होता.

ती युपिकमध्ये पुटपुटत होती, आजी मोजक्या शब्दांत मला सांगत होत्या. एक मुलगी होती. तिची आजी लांब राहायची. चित्र पुसलं. घरच्यांना ती मुलगी नकोशी झाली. पुसलं. नकोशी? माझ्या तोंडून शब्द फुटणार होता, तो मी गिळला. विमान आलं. पुसलं. मुलगी घरातून निघाली, शाळा ओलांडली, मासे वाळवायच्या मांडवाच्याही पुढे गेली. तिथे सुरी थांबली. एक बर्फाचा तुकडा काठाला घासून गेला. पोरीने सगळं पुसलं आणि सुरी चिखलावर ठेवली, मूठ माझ्याकडे करून.

“शेवट तू काढ,” आजी म्हणाल्या. “त्या घरात कोण कोण राहतं ते.”

मीही चिखलावर थुंकले. चौकोन काढला, देव्हारा काढला. नवऱ्याला काढलं, मला काढलं. आणि हात थांबला. पुण्यातल्या शाळेत प्रवेश झाला होता, सासूबाईंनी खोली रंगवून घेतली होती. तिसरं माणूस काढायचं, पोरगी हाताला लागली की तिला खुशाल विमानात बसवायचं, कोण विचारणार होतं? चिखलच तर होता. पण ती चिमुरडी माझ्या हाताकडे टक लावून बघत होती, आणि तिच्यासमोर खोटं काढायची माझी हिंमत झाली नाही. मी मनातलं पुणं पुसलं आणि देव्हाऱ्याच्या शेजारी तिसरं माणूस काढलं, छोटं.

पोरीने भुवया उचलल्या. उठली आणि चालायला लागली. आजी आणि मी तिच्या मागे.

मांडवांच्या पलीकडे, नाल्याच्या तोंडाशी, ॲल्युमिनियमची एक होडी चिखलात ओढून ठेवलेली होती. ताडपत्री घातलेली. तिची मागची बाजू पाण्यावर उचलली गेली होती आणि ती हळूहळू वळत होती. मी गुडघाभर पाण्यात शिरले, गोठवणारं पाणी ते, आजींनी पुढून दोर धरला आणि दोघींनी मिळून होडी वर खेचली. ताडपत्री काढली तर आत आमचं ध्यान, दप्तर पोटाशी धरून, वाळवलेला मासा चघळत. पासपोर्ट नसला की विमानात घेत नाहीत, हे तिने बाबाच्या तोंडून ऐकलं होतं.

मी हात पुढे केले. ती आली नाही. माझ्याकडे बघितलंही नाही. मैत्रिणीला युपिकमध्ये काहीतरी विचारलं, मैत्रिणीने भुवया उचलल्या, आणि मग तिने दप्तरातून पासपोर्ट काढून माझ्या हातात दिला. आईला विचारावं असं तिला वाटलं नाही, ह्याचं मला जे वाईट वाटलं ते आजही वाटतं. परत येताना बघितलं, तर चित्राच्या जागी पाणी होतं.

संध्याकाळी नवरा म्हणाला, दोन दिवस जाऊ देत, शांतपणे विचार करू, पोरांच्या खेळाचं एवढं काय. मी म्हटलं, मी शेवट काढून आलेय. आणि फोन उचलला. पुण्यात तेव्हा सकाळ होती. सासूबाईंना सांगितलं, ती येत नाहीये, तिकीट कॅन्सल करतोय.  त्या बारीक आवाजात म्हणाल्या, तिला दे.

मी फोनचा स्पीकर लावला. त्यांनी विचारलं, “आजीची आठवण तरी येते का गं?”

लेक माझ्या मांडीवर बसून फोनकडे बघत होती.  तिकडे तोच शुकशुकाट, ज्याला मी वर्षभर घाबरत आले होते. मी तिला कोपराने ढोसणार होते, बोल म्हणून. तेवढ्यात तिच्या तोंडाकडे लक्ष गेलं.

“आई, तिने भुवया उचलल्या,” मी सासूबाईंना म्हटलं. “केसांपर्यंत उचलल्यात. हो म्हणतेय ती.”

सासूबाईंनी नाक ओढलं.

“मग तसं सांगत जा ना मला,” त्या म्हणाल्या. “मला इथून कसं दिसणार?”