बावीस धपाटे आणि एक खो

वयाच्या बासष्टाव्या वर्षी मी खो-खोचा सामना खेळले. डॉक्टरांनी सकाळी थोडं चालत जा म्हणून सांगितलं होतं, एवढीच काय ती माझी पूर्वतयारी.

आता तुम्ही म्हणाल, या वयात या बाईला कुणी सांगितलं होतं? कुणीच नव्हतं सांगितलं! उलट माझ्या सुनेनं, मनीषानं, आदल्या दिवशी हात जोडून म्हटलं होतं, "आई, तुम्ही नुसतं बघायला या. बाकी काहीच करू नका." आता 'बाकी काहीच न करणं' हे मला जन्मात कधी जमलेलं नाही, त्याला मी काय करू?

मनीषा वाळूजला एका कंपनीत कामाला आहे. वायरींच्या जुड्या बांधायच्या, आठ तास उभ्यानं. शाळेत असताना पोरगी खो-खो खेळायची, अगदी जिल्ह्यापर्यंत गेलेली. लग्न झालं आणि खेळ सुटला. नंतरच्या अकरा वर्षांत ती पळाली ती फक्त कंपनीच्या बसमागं! यंदा कंपनीनं क्रीडा दिवस ठेवला, घरच्यांसकट सगळ्यांना बोलावलं, आणि बायकांचा खो-खो जाहीर केला. वायरिंगवाल्या विरुद्ध पॅकिंगवाल्या. मनीषानं आपल्या लाईनवरच्या बायका एकेक करून गोळा केल्या. स्वतःला धरून मोजून नऊ. दहावी काही केल्या मिळेना. मग दोन महिने ड्युटी सुटली की बजाजनगरच्या मोकळ्या मैदानात यांचा सराव. मला वाटायचं ओव्हरटाईम चाललाय.

कळलं कसं, तर तांदळाच्या डब्यामागं मला एक खोका सापडला. आत नवेकोरे बूट.

"कुणाचे गं हे?"

"माझेच हायेत, आई." चोरी पकडल्यासारखं तोंड झालं तिचं. "शहागंजमधनं आणले. खेळायला."

"मग तांदळामागं कशाला?"

तिनं खोका माझ्या हातातनं घेतला आणि परत डब्यामागं सरकवला. मी पण पुढं विचारलं नाही. पण मला लई लागलं ते. अकरा वर्षं माझ्या घरात राहिलेल्या पोरीला स्वतःचे बूट लपवून ठेवावे वाटले! मी तिथल्या तिथं ठरवलं, हिच्यासाठी आपण काहीतरी करायचंच.

आणि मी धपाटे केले.

बावीस! ज्वारीचं पीठ, बेसन, भरपूर लसूण-कोथिंबीर, वर तीळ. सोबत दह्याचा डबा आणि शेंगदाण्याची चटणी. सामना पहिली पाळी सुटल्यावर होता. त्याच्या अर्धा तास आधी मी मैदानाच्या कडेला लिंबाच्या झाडाखाली फडकं अंथरून पोरींना हाका मारायला लागले.

"या गं, खाऊन घ्या! पळायचंय तुम्हाला."

मनीषा धावत आली. "आई, मॅचच्या आधी खात नसतात!"

"उपाशीपोटी कुणी पळतं व्हय? तुझं काहीतरीच."

बाकीच्या शहाण्या होत्या, अर्धा-अर्धा खाऊन उठल्या. एक सुरेखा तेवढी माझ्या हाती लागली. पहाटे चारला उठून घरचं आवरून कामावर आलेली, पोटात नुसता चहा. माझ्यानं बघवेना. मी वाढत गेले, ती खात गेली. "बस, मावशी," म्हणाली की मी आणखी एक ठेवायची. (नको म्हणणाऱ्याला एक वाढायचाच असतो, ही आमच्याकडची रीत. मुकाट खाणाऱ्याला दोन.) सहा धपाटे झाले. सातव्याला सुरेखा म्हणाली, "मावशी, मी जरा आडवी होते," आणि झाडाखाली जी आडवी झाली ती पंचांनी शिट्टी मारली तरी उठेना.

"सुरेखा, ऊठ ना गं!" मनीषा तिचा हात ओढत होती.

"ताई, आईच्यान सांगते, हाललं तर भायेर येईल समदं!"

पंच म्हणून एका शाळेचे खेळाचे सर आणले होते. ते म्हणाले, "आठ जणींचा संघ चालणार नाही. पाच मिनिटांत नववी आणा, नायतर पॅकिंगवाल्यांना विजयी घोषित करतो."

मनीषा खाली बघत उभी राहिली, त्या नव्या बुटांकडं. दोन महिन्यांची मेहनत, आणि ती गिळली कुणी? दिसायला सुरेखानं. पण भरवली कुणी?

"सर," मी विचारलं, "घरातली बाई चालते का?"

सरांनी कागद वर-खाली बघितला. "कुटुंबातली महिला सदस्य चालेल, असं लिहिलंय खरं. कोण आहे?"

"मी."

माझा लेक संतोष मोबाईल घेऊन व्हिडिओ काढायला उभा होता. तो तसाच पळत आला. "आई, घरी चल तू. आत्ताच्या आत्ता!"

"का? देवगाव रंगारीला माहेरी वडिलांची दीडशे मेंढरं वळवलीत मी, अनवाणी!"

"पन्नास वर्षं झाली त्याला!"

"आणि खो-खोत काय, बसायचंच तर असतं."

"आई," मनीषा हळूच म्हणाली, "हे कीर्तन नाय हो."

पण दुसरा इलाज कुठं होता? त्यांनी मला टी-शर्ट दिला. तो मी साडीवरूनच चढवला. भरल्या पोत्याला उशीचा अभ्रा घातल्यासारखी दिसत असणार मी! पदर खोचला आणि मैदानात उतरले. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मला वाटलं कौतुकानं.

आधी पॅकिंगवाल्यांनी पाठलाग करायचा आणि आम्ही पळायचं. तीन-तीन जणींनी आत जायचं. मला शेवटच्या तिघींत ठेवलं होतं, तोवर वेळ संपेल या आशेवर. नाही संपला. मी आत गेले आणि समोरून पॅकिंगची कॅप्टन शैला आली. उंच, तगडी, वाऱ्यासारखी पळणारी बाई. माझ्यापाशी आली आणि थबकली. वयस्कर बाईला हात कसा लावायचा, असं झालं तिला. इकडं बघितलं, तिकडं बघितलं, आणि वाकून चक्क माझ्या पाया पडली!

"सुखी राहा, बाई," मी म्हटलं. डोक्यावर हातसुद्धा ठेवला.

शिट्टी वाजली. "बाद!"

"अहो सर, आशीर्वाद घेतला तिनं!"

"स्पर्श झाला, मावशी. पायाला काय आणि खांद्याला काय!"

त्यांनी आमच्या एकूण आठ जणी बाद केल्या. आम्हाला जिंकायला नऊच्या नऊ टिपायच्या होत्या.

आता पाठलागाची पाळी आमची. आठ जणी मधल्या रांगेत उकिडव्या बसलो, एकीचं तोंड इकडं तर दुसरीचं तिकडं, आणि नववी धावायला, म्हणजे मनीषा. काय सांगू तुम्हाला! ही माझी सून? भाजी निवडताना मान वर न करणारी? हरणासारखी वळत होती. खांबाला एक हात लावून असा झपाटा घ्यायची की समोरची कधी बाद झाली ते तिलाच कळायचं नाही. माझं खेळाकडं लक्षच नव्हतं, मी नुसती तिला बघत बसले होते.

आणि ती माझ्या मागं आली. खो द्यायला. आता बसलेलीच्या पाठीवर जोरात थाप मारून 'खो' म्हणून ओरडायचं असतं. पण सासूच्या पाठीत थाप घालायची कशी? तिनं माझ्या खांद्याला एक बोट लावलं, आणि दारात पाहुणे आल्यासारखं म्हणाली, "अहो आई, खो."

"काय गं?" मी मागं वळून विचारलं.

"खो, आई. उठता का जरा?"

"व्हय व्हय, उठते. गुडघा जरा... हात दे बरं."

तिनं हात दिला. (हे नियमात बसतं का, हे सरांना पण आठवेना.) मी उठले, तोवर समोरच्या तिघी दुसऱ्या खांबापाशी जाऊन घाम पुसत उभ्या होत्या. सहा बाद झालेल्या, तीन राहिलेल्या, आणि वेळ उरला होता दीड-दोन मिनिटांचा.

मी पळायला लागले. मेंढरांसारखंच धरून एका बाजूनं हाकलत न्यायचं ठरवलं, तोंडानं "हुर्र्र, हुर्र्र" पण केलं. मेंढरं निदान घाबरायची! इथं त्या तिघी हसत बाजूला व्हायच्या. मी माघारी वळले की सर शिट्टी मारायचे. मला वाटायचं, जोर चढवायला वाजवतायत. म्हणून मी आणखी वळायची.

"मावशी, द्या!" रांगेतनं आवाज आला.

"मावशी, मला द्या, माझ्या समोर आहे ती!"

"खो द्या हो, मावशी!"

खरं सांगते, द्यायचं मला कळत होतं. पण या पोरी सकाळी सहापासून मशीनपाशी उभ्या. आता कुठं जरा टेकल्यात. त्यांना उठवायचं? माझा जीवच होईना!

"बसा गं, बसा!" मी पळता पळता ओरडले. "दमला असाल. मी आहे ना! मी बघते!"

मैदानाबाहेर लोक पोट धरून हसत होते. पॅकिंगवाल्या हसत होत्या. सर शिट्टी तोंडात धरून हसत होते, त्यामुळं ती आपोआपच वाजत होती. हसत नव्हत्या त्या फक्त माझ्या आठ पोरी. मनीषा मधोमध बसली होती, एक पाय पुढं, दोन्ही हात जमिनीला टेकवून, सुटायला तयार. मी दोनदा तिच्या मागून गेले आणि दोनदा तिला म्हटलं, "बस तू."

तिसऱ्यांदा गेले तेव्हा ती मागं न बघताच ओरडली.

"ए आई, दे ना! मला पळायचंय!"

मी जागच्या जागी थांबले. अकरा वर्षांत 'अहो आई'च्या खाली ती कधी उतरली नव्हती. संतोषवर चिडलेली असली तरीसुद्धा मला 'तुम्ही' म्हणूनच सांगायची. आणि आज भर मैदानात 'ए आई'! आवाज पण कसा, तर लहान पोरीनं आईकडं पतंगाचा दोरा मागावा तसा. मला एकदम कळलं. घरात पोळ्या मी लाटते, पाहुण्यांना मी वाढते, सण मी करते, आणि हिला सांगते, 'बस, दमली असशील.' मला वाटायचं मी हिला सुख देतेय. आमच्याकडं सासवा खो घालतात म्हणून बदनाम आहेत. मी कधी घातला नाही, याचा मला केवढा अभिमान होता! पण दिला पण नव्हता की कधी.

मी हात उगारला आणि तिच्या पाठीत असा सणसणीत धपाटा घातला, "खोऽऽ!" की लिंबाखाली सुरेखा उठून बसली.

मनीषा सुटली. दोन ढांगांत खांब गाठला, तिथनं फळीसारखी आडवी झेपावली आणि एकीच्या घोट्याला हात लावला. सात! तशीच उठून बाजूच्या पोरीला खो दिला, ती उठली, तिनं पुढच्या पोरीला दिला. खो, खो, खो, नुसता आवाज! आणि पॅकिंगवालीच्या पाठीला हात लागणार तेवढ्यात लांब शिट्टी वाजली.

सात विरुद्ध आठ. एका बाईनं हरलो. ती एक बाई कोण, याचा हिशेब कुणी बोलून दाखवला नाही, एवढी माणसं चांगली.

मी मनीषापाशी गेले. ती मातीत पाय पसरून बसली होती. कोपर फुटलेलं, नवे बूट लाल झालेले.

"माझ्यामुळं गेलं गं सगळं."

"गेलंच!" ती म्हणाली, आणि इतकी हसली, इतकी हसली की डोळ्यांतनं पाणी आलं. "पण आई, झेप बघितलीस का माझी? बघितलीस का तू?"

बघितली होती. उत्कृष्ट खेळाडूचं बक्षीस तिलाच मिळालं.

संतोषच्या मोबाईलनं मात्र घात केला. अख्खा सामना त्यानं काढला नाही, तेवढा धपाटाच काढला, आणि नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकून दिला. घरी पोचेपर्यंत देवगावहून वहिनीचा फोन. "वन्सं, काय केलं हो तिनं एवढं? लोकांसमोर हात उचलला तुम्ही!"

"खो दिला गं, खो!"

"काही का दिलं असंना, घरात नेऊन द्यायचा!"

ते जाऊ द्या. मैदानातनं निघताना एक गोष्ट मात्र अशी घडली की सगळी दुखणी विसरले. पॅकिंगची शैला मुद्दाम मला शोधत आली, माझा हात दोन्ही हातांत धरला आणि म्हणाली, "मावशी, पुढच्या वर्षी तुम्ही खेळायलाच पाहिजे. कसलं कारण सांगायचं नाय. मी स्वतः घ्यायला येते तुम्हाला!" एवढी तळमळ होती तिच्या बोलण्यात, मी लगेच शब्द देऊन टाकला.

आमच्या टीममधून अजून तसं कुणी म्हणालेलं नाही.